राखणीची अळी

सोमवार, २ फेब्रुवारी

आले एकदाची. दोन बॅगा, एक कुकर आणि ठकूने दिलेली ही वही. रोज लिहायचं आणि ती इथे आली की वाचून दाखवायचं, असं बजावलंय. आठ वर्षांची आहे, पण हुकूम सोडते सासूसारखे.

क्वार्टर केंद्राच्या मागच्याच अंगाला आहे. एक खोली, एक स्वयंपाकघर, पूर्वेला खिडकी. महिनाभर माझं काम बघणार, मग कायम करणार, आणि कायम झाल्यावरच मुलीला आणता येईल. म्हणजे एक मार्च. तोवर ती माझ्या ताईकडे. खिडकीखाली तिचं टेबल बसेल का ते वितीने मोजून पाहिलं. बसतं, वर चार बोटं उरतात.

इथे शेतांसाठी मित्रकीटक वाढवतात. मला काम शिकवणारी बाई काडीसारखी बारीक आणि बोलायला टोकदार. सगळे तिला टाचणी म्हणतात आणि तिचीही काही तक्रार नाही. इथे अळ्यांची बडदास्त जावयासारखी असते म्हणाली, फरक इतकाच की शेवटी जावयालाच खातात. मी संध्याकाळपर्यंत आठवून हसत होते.

बुधवार, ४ फेब्रुवारी

सकाळी आठला कोबीची पानं धुवायची, एकेक पुसायची, ट्रेमध्ये अंथरायची. पान ओलं राहिलं तर अळ्यांना हगवण लागते. अळी चिमट्याने धरायची नाही, मऊ ब्रशवर चढू द्यायची. हे मला पहिल्याच दिवशी जमलं. टाचणी म्हणाली, सुइणीचा हात आहे तुझा.

तीन नंबरच्या खोलीत या अळ्यांवर गांधीलमाश्या सोडतात, तांदळाच्या दाण्याएवढ्या. माशी अळीच्या अंगात अंडी घालते. पिल्लं तिला आतून खात वाढतात. मग त्या माश्या शेतात सोडायच्या, की फवारणी न करता पीक वाचतं. चार नंबरच्या खोलीत दुसरी जात आहे, बोटाच्या पेराएवढी. तिचा अजून नुसता अभ्यास चाललाय. तिथे केंद्राच्या प्रमुख डॉक्टरबाईंबरोबरच जायचं, जाड हातमोजे घालून. चावली तर त्याच मिनिटाला सांगायचं. सांगणाऱ्याला तीन महिने देखरेखीखाली ठेवतात, आणि बाई नवीन असली तर नेमणूक रद्द. माझ्या आधी इथे कोण होतं ते विचारलं. टाचणी म्हणाली, होती एक, न सांगताच घरी निघून गेली.

शनिवार, ७ फेब्रुवारी

डॉक्टरबाईंनी आज भिंगाखाली एक अळी दाखवली. पिल्लं तिचं अंग फोडून बाहेर आली होती आणि शेजारी पांढरे कोष करून झोपली होती. मला वाटलं, अळी मेली असेल. ती जिवंत होती. कोषांवर पाठ वाकवून बसलेली. डॉक्टरबाईंनी ब्रश जवळ नेला, तशी डोकं आपटत अंगावर आली. समोर ताजं पान होतं, पण ती खात नव्हती. स्वतःचं रेशीम काढून त्या कोषांवर पांघरत होती. माश्या उडाल्या की मरते, तोवर राखण करते.

अळीचं शरीर या पिल्लांना आधीच मारून का टाकत नाही, असं मी विचारलं. तर माशी अंड्यांसोबत एक विषाणूही सोडते म्हणाल्या. तो अळीच्या शरीराला गप्प बसवतो. विषाणूवाचून माशीची पिल्लं जगत नाहीत आणि माशीवाचून विषाणू जगत नाही. इतकी जुनी भागीदारी. मी म्हटलं, भागीदारी कसली, खून आहे हा. त्या हसल्या.

"ते तुम्ही कोणाला विचारता त्यावर आहे."

ठकू पोटात असताना माझे दोन दात गेले होते. तेव्हा मी काही त्याला खून म्हटलं नव्हतं.

मंगळवार, १० फेब्रुवारी

चार नंबरमध्ये ट्रेच्या खाचेत एक अळी अडकली होती. डॉक्टरबाई फोन घ्यायला बाहेर गेल्या होत्या. जाड हातमोज्यात ती चिरडली असती, म्हणून मी मोजा काढला. अळी सुटली. मनगटाच्या आतल्या बाजूला टोचल्यासारखं झालं, बघते तर माशी.

धुतलं. मोजा चढवला. डॉक्टरबाई आत आल्या, तेव्हा मी ट्रे पुसत होते.

सांगितलं नाही. एकोणीस दिवसांचा तर प्रश्न आहे. ठकू रोज कॅलेंडरवर फुली मारते.

शुक्रवार, १३ फेब्रुवारी

सूज नाही, खाज नाही. उगाच घाबरले. उलट कित्येक वर्षांत इतकं बरं वाटलं नव्हतं. कंबर दुखत नाही, पडल्या पडल्या झोप लागते. भूक मात्र राक्षसासारखी. आज माझा डबा संपवून टाचणीचाही अर्धा संपवला. तिने डोळे बारीक करून विचारलं, नवरा जाऊन चार वर्षं झाली ना गं तुझा, मग हे डोहाळे कोणाचे? सगळ्या हसल्या, मीही हसले.

नंतर पानं पुसताना आठवलं, की विषाणू शरीराला गप्प बसवतो. सूज नाही ती म्हणून तर नाही ना?

सोमवार, १६ फेब्रुवारी

डाव्या बरगडीखाली हललं.

ठकूच्या वेळी पाचव्या महिन्यात पहिल्यांदा हललं होतं. पाण्यात मासा वळावा तसं. अगदी तसंच. फक्त ते एक होतं.

भीती नंतर वाटली. आधी तिथे हात गेला. कुरवाळायला गेला.

बुधवार, १८ फेब्रुवारी

जुन्या हजेरीपटात आधीच्या बाईच्या घरचा नंबर सापडला. दुपारच्या सुट्टीत फोन केला. तिच्या आईने उचलला. मी केंद्रातून बोलतेय म्हटलं. त्यांनी सांगितलं, की लेक घरी आली आणि मागच्या खोलीत कोपऱ्याकडे तोंड करून बसली. तीन दिवस. अन्न नाही, पाणी नाही. पुढ्यात काहीतरी धरून होती, त्यावर पदर पसरलेला. जवळ गेलं की धावून यायची. सख्ख्या आईच्या हाताला चावली. चौथ्या दिवशी गेली. मग खोलीभर माश्या झाल्या, म्हणाल्या. मोठ्या. इतक्या की ते घर सोडावं लागलं.

मी विचारलं, तुम्ही केंद्राला का नाही कळवलं? म्हणाल्या, कोणाचा विश्वास बसला असता?

गुरुवार, १९ फेब्रुवारी

आज सांगायचं ठरवून गेले. नोकरी गेली तर गेली. डॉक्टरबाईंच्या दारापर्यंत वाक्य तोंडात तयार होतं. त्यांनी माझ्याकडे पाहिलं आणि स्वतःहूनच विचारलं, चेहरा असा का उतरलाय, माशी चावली का?

मी म्हटलं, छे हो.

हसून म्हटलं. आणि डाव्या हाताने उजवी बाही खाली ओढली. मी ओढली नाही. ओढली गेली.

परत वळले, पुन्हा गेले. तीनदा गेले. तिन्ही वेळा तेच.

शुक्रवार, २० फेब्रुवारी

चिठ्ठी लिहून डॉक्टरबाईंच्या टेबलावर ठेवायचं ठरवलं. लिहिली. चावलेला दिवस, जागा, सगळं. संध्याकाळी स्वतःच्या खिशात सापडली, फाडलेली.

या वहीत लिहू देतात. ही कोणी वाचत नाही हे त्यांना कळतं. म्हणजे मला कळतं. आता दोन्ही एकच.

सोमवार, २३ फेब्रुवारी

आजारी म्हणून रजा घेतली. दाराला आतून कुलूप. भूक एकाएकी गेली.

ताईला फोन केला. ठकूला पाठवू नकोस म्हटलं. ठकूने फोन ओढून घेतला, का म्हणून रडली. मी म्हटलं, यायचं नाही म्हणजे नाही. हे तिच्या जिवासाठी म्हटलं अशी माझी समजूत होती. फोन ठेवल्यावर जाणवलं, की तिचं रडणं ऐकताना माझ्या आत काहीच हललं नाही. हललं ते दुसरीकडे, बरगडीखाली. त्यांना आवाजाचा त्रास होत होता.

मग ताईचा फोन आला. रागावली होती. पोरीशी असं बोलतात का, तुझं काय चाललंय ते बघायला रविवारी तिला घेऊन येतेच, म्हणाली. नको म्हणायला तोंड उघडलं तोवर तिने ठेवून दिला.

गुरुवार, २६ फेब्रुवारी

ते बाहेर आले. सकाळी. दुखलं नाही. कसं दुखलं नाही —

चौदा आहेत. कोपऱ्यात, भिंतीला लागून. चांगले पांढरे.

टाचणी डबा घेऊन आली होती. किल्ली कुठून आणली कोण जाणे. आत शिरली, कोपऱ्याकडे वाकली. मला पुढचं नीट आठवत नाही. तिच्या गालावर रक्त होतं. अगं मी आहे, अगं मी आहे, असं म्हणत मागे सरत गेली. डॉक्टरबाईंना आणते म्हणाली. त्या परगावी गेल्यात, सोमवारी येणार.

दाराला बॅगा लावल्या. मग खाट.

शनिवार, २८ फेब्रुवारी

जखमा वाळल्यात. उभं राहवत नाही. राहायचंही नाही.

साडी फाडून पांघरली त्यांच्यावर. गार लागतं भिंतीचं.

ताईला फोन करायचा होता. कशासाठी ते — फोन कुठे ठेवला — कोणीतरी येणार आहे उद्या. येऊ नये. तिचं नाव लिहून ठेवते म्हणजे राहील.

ठकू. ठकू माझी मुलगी. आठ वर्षांची. ठकू.

रविवार

ऊन आलंय. ते आत हलताहेत. आज उडतील.

पावलं वाजली. दोन माणसं. एक मोठं, एक लहान.

दार ढकलताहेत. खाट सरकली. मोठं माणूस म्हणतंय, अगं उघड. लहान फटीतून आत येऊ शकेल. हात घातलाय आत. बारीक हात, बांगडी आहे —

हा हात मला —

ठकू पळ. हे मी लिहितेय, ओरडायचंय ते, तोंडातून निघत नाही. ठकू मागे जा, ठकू —

"आई?"

मला आई म्हणतंय. कोणाचं पोर आहे. माझी तर सगळी इथे आहेत, मोजलीत मी, चौदा, त्यांच्याजवळ कोणी —