अर्धा इंच माया

३ मार्च, सकाळ.
आमच्या शिवणकामाच्या दुकानावर फिल्म काढणार आहेत. नटनट्या नाहीत, आम्हीच. डिरेक्टर बाई म्हणाल्या, रोज असतं तसंच राहा, कॅमेऱ्याकडे बघू नका. 'आमच्या' म्हणजे अर्थात माझ्यावर. तीस वर्षं कटिंग मीच करतो. बायको काज-बटणं बघते. संकल्प: नैसर्गिक राहणे. उद्या केस काळे करणार.

५ मार्च.
नैसर्गिक राहिलो. कॅमेऱ्याकडे फक्त अकरा वेळा पाहिलं, तेही तो चालू आहे ना म्हणून. कलेवर दोन शब्द बोललो. इतर टेलर शिवणीत माया सोडतात, म्हणजे जास्तीचं कापड आत दाबून ठेवतात, पुढेमागे सैल करायला. मी सोडत नाही. माप म्हणजे माप. बाई म्हणाल्या, मास्तर, बोललं नाही तरी चालेल.

९ मार्च.
खडूने आखणी करून एक वाजता घरी जेवायला गेलो. वाटलं, मागोमाग येतील. कॅमेरा दुकानातच. तिथे नुसती बायको, टेबल आवरत. हकनाक खर्च यांचा.
परत आलो तर खडूच्या रेषा नेहमीसारख्या जास्त ठळक. पोटात अन्न पडलं की माझी नजर साफ होते. बाईंना हे गुपित सांगितलं. कॅमेरावाल्याला खोकला लागला.

१४ मार्च.
बायकोच्याही गळ्याशी माइक लावलाय. स्पेअर असणार. दिवसभर काय बोलतेस, विचारलं. काही नाही म्हणाली.

२ ऑगस्ट.
फिल्म तयार. नाव 'माया'. तत्त्वज्ञान दिसतंय. नऊ तारखेला सगळ्यांसमोर दाखवणार. चार पानी भाषण लिहिलं. खास कोट शिवला, एका बैठकीत, जेवायलाही न उठता. बायकोला हात लावू दिला नाही. बगलेत जरा धरतो. फिटिंग म्हणतात याला.

९ ऑगस्ट.
फिल्म सत्तर मिनिटांची. मी बहुतेक वेळ दारातून बाहेर पडतो. दार मिटलं की बायको उठते, माझ्या रेषेबाहेर अर्ध्या इंचावर दुसरी रेषा ओढते आणि माझी पुसते. शर्टावर, पँटीवर, लहान मुलीच्या फ्रॉकवर. सात वेळा मोजलं. कोणी हसलं नाही. हसले असते तर बरं झालं असतं.
टाळ्या वाजवायला हात उचलले, कोट दोन्ही बगलांत उसवला. सैल करायला आत माया नव्हती. भाषण खिशातच राहिलं.
घरी तिला विचारलं, कधीपासून?
"पहिल्या वर्षी दोन गिऱ्हाइकं कपडे परत घेऊन आली होती," ती म्हणाली. "तुम्ही दोन दिवस जेवला नव्हतात."
फार लाज वाटली. आणखीही काही वाटलं, ते लिहिता येत नाही.

१० ऑगस्ट.
रोज असतं तसंच राहायचं ठरवलं. आखणी करून एक वाजता घरी गेलो. जेवण दहा मिनिटांत उरकलं. मग पाऊण तास नुसता बसून राहिलो, तिची घाई व्हायला नको.
परत आलो. रेषा ठळक होत्या. त्यावरून कापलं.