एस म्हणजे शेपूट

३ फेब्रुवारी, सोमवार. सकाळी ७.१०

आजपासून रोज लिहायचं. संकल्प तीन. पहाटे पाचला उठणे (आज सातला उठलो, पण संकल्प उठल्यावर केला, त्यामुळे आजचा दिवस धरायचा नाही). एप्रिलच्या आत टीम लीड होणे. अप्पांच्या पायाचा एकदाचा निकाल लावणे.

अप्पांना, म्हणजे माझ्या वडिलांना, नऊ वर्षांपूर्वी करी रोडजवळ रूळ ओलांडताना गाडीने उडवलं. नडगीत रॉड घातला. आता तो रॉडच नासलाय. पू येतो, घरभर वास. शी! आत्ता पोहे अर्धे टाकून उठलो. नम्रता मात्र शेजारी बसून ड्रेसिंग करते आणि मग त्याच हातांनी कणीक मळते. साबणाने धुते म्हणे. धुवो बापडी, मला पोळी जात नाही. बायको आहे की कंपाउंडर?

चार महिन्यांत अप्पा तीन जिने उतरलेले नाहीत. रॉड वेळेत काढला नाही तर पाय कापावा लागेल, असं घरी येऊन तपासून गेलेले डॉक्टर म्हणाले. ऑपरेशन बारा तारखेला, माझ्या ऑफिसच्या विम्यातून. घरात मेडिकल कोडर असताना काळजी कसली!

४ फेब्रुवारी. लंच टाइम

अमेरिकेतल्या हॉस्पिटलांचे कागद वाचून प्रत्येक दुखण्याला कोड लावायचा, हे माझं काम. या महिन्यात आमच्या टीमला पायी चालताना ट्रेनने उडवलेले लोक आलेत. एवढा मोठा देश, पण हे नेमके रुळावर तडमडणार! कुणाची टाच गेलेली, कुणाचा गुडघा वाकत नाही. वाचून डबा उघडला, आत वांग्याचं भरीत. परत बंद केला.

सरोजिनी मॅडमनी केबिनमध्ये बोलावलं. माझं कोडातलं शेवटचं अक्षर चुकतंय म्हणे. जखमेवर उपचार चालू असेल तर ए. जखम भरत आली की डी. जखम कधीच भरली, पण मागे दुखणं ठेवून गेली, तर एस. मी म्हटलं, ए म्हणजे ‘इनिशियल’, पहिली भेट. माणूस त्या हॉस्पिटलात पहिल्यांदा आला की ए, मग जखम कितीही जुनी असो. मॅडम म्हणाल्या, हे मी तुला तिसऱ्यांदा सांगतेय. बाईंचा माझ्यावर डूख आहे, दुसरं काय.

६ फेब्रुवारी, गुरुवार

हॉस्पिटलच्या विमा डेस्कवर आकांक्षा नावाची मुलगी असते. म्हणाली, तुम्ही फक्त नाव-पत्ता भरा, कोड डॉक्टर लिहितात. मी हसलो. फॉर्म ओढून घेतला आणि अमेरिकन पद्धतीने अख्खा सात अक्षरी कोड लिहिला. शेवटी ए. शिवाय खाली कॅपिटलमध्ये इंग्रजीत अर्थही दिला: पायी चालणाऱ्यास ट्रेनची धडक, पहिली भेट. लोकांना शिकायला मिळावं.

घरी नम्रताने विचारलं, अपघात नऊ वर्षांपूर्वीचा ना, मग पहिली भेट कशी? अर्धा तास समजावलं. या हॉस्पिटलात अप्पा पहिल्यांदाच जातायत, म्हणून. अप्पा कॉटवरून म्हणाले, हत्ती गेलो रे, शेपूट रवला. कशात काही नाही आणि मध्येच बोलायचं.

१० फेब्रुवारी, सोमवार. संताप!!

दारात रेल्वे पोलीस! ट्रेनचा ताजा अपघात आला की पोलिसांना कळवायचं, हा त्या हॉस्पिटलचा नियम. माझा फॉर्म वाचून त्यांनी कळवलं. हवालदार तीन जिने चढून धापा टाकत आले, अख्खी चाळ गॅलरीत. त्यांनी अप्पांना विचारलं, आजोबा, रूळ कधी ओलांडलात? अप्पा म्हणाले, सोळा साली. हवालदारांनी वही मिटली. मी कोडची रचना सांगायला घेतली, तर म्हणाले, साहेब, तुम्ही जरा बाजूला बसा. पुढे ते निघाले कणकवलीचे. झालं! तासभर चहा आणि गाववाल्यांची चौकशी. मी आपला मोरीजवळ उभा.

अर्ज परत आला. बाराची तारीख गेली, आता एकोणीस. अप्पांना रात्रीपासून ताप. चूक हॉस्पिटलची, भोग आमचे.

१३ फेब्रुवारी

नम्रता म्हणते, या वेळी डॉक्टरांना लिहू दे. अजिबात नाही. आता प्रश्न इज्जतीचा आहे. शेवटी एस लावला (मॅडमचं ऐकलं असं नव्हे, माझा स्वतंत्र अभ्यास). वर मुख्य दुखणं: उजव्या नडगीचं हाड जुळलेलं नाही, रॉडमध्ये पू. बाजू लिहिणं महत्त्वाचं. आमच्या धंद्यात डावं-उजवं नसेल तर कागद तोंडावर परत येतो. हा फॉर्म अमेरिकेतसुद्धा पास होईल.

पाचला उठणं सोमवारपासून.

१४ फेब्रुवारी

माझ्या कामाची तपासणी झाली. ६८ टक्के. लागतात ९५. टीम लीड कीर्ती झाली, जिला लागून आठ महिने झालेत. तिने पेढे वाटले. तोंडात टाकला आणि थुंकला. खवट होता. बाकी सगळ्यांनी दोन-दोन खाल्ले, यावरून त्यांची पारख कळते.

१८ फेब्रुवारी, मंगळवार. दुपारी १२.२०

नम्रताने सकाळी अप्पांना भरती केलं. मी ऑफिसात. आत्ता आकांक्षाचा फोन. विमा कंपनीने मंजुरी अडवली. फॉर्मवर उजवा पाय, एक्स-रेमध्ये डावा. संध्याकाळी सहापर्यंत दुरुस्ती आली नाही तर उद्याचं ऑपरेशन रद्द, पुढची तारीख तीन आठवड्यांनी. डॉक्टर म्हणतात, तीन आठवडे पाय थांबणार नाही.

मी सांगितलं, बाई, तुम्ही एक्स-रे उलटा धरला असेल. अप्पा रोज माझ्यासमोर खुर्चीत बसतात. दुखरा पाय नऊ वर्षं माझ्या उजव्या हाताला असतो. तो उजवाच. 

कसले लोक भरतात! जातो आणि एकेकाला झापतो.

१८ फेब्रुवारी. संध्याकाळी ७

झापलं. डेस्कवर उभं राहून, सगळ्यांना ऐकू जाईल असं. आकांक्षाने वाद घातला नाही. मला वॉर्डात घेऊन गेली.

नम्रता औषधं आणायला खाली गेलेली. सिस्टर ड्रेसिंगचा ट्रे घेऊन उभी. मला म्हणाली, मुलगा ना तुम्ही, जरा पाय उचलून धरा. अप्पा घाईघाईने म्हणाले, त्येका नको सांगू गो, त्येका बघवणा नाय, ल्हानपणापासून तसोच हा. माझ्या वतीने तेच माफी मागत होते. सिस्टर म्हणाली, मग कोण धरणार?

चादर वर केली. नऊ वर्षांत मी तो पाय एकदाही बघितला नव्हता. म्हणजे कामात असायचो. नडगी मधोमध वाकडी, खाली भोक, त्यातून पिवळं वाहतंय. बोटं काळीनिळी. दोन्ही हातांनी धरला तर केवढा हलका, नि तापाने कढत.

डावा.

सिस्टरचं होईस्तोवर धरून राहिलो. मग बाथरूममध्ये जाऊन ओकलो. परत आलो तेव्हा नम्रताने फॉर्मवर उजवा खोडून डावा लिहिलेलं, डॉक्टरांची सही घेतलेली. माझ्या हातात औषधांची पिशवी दिली.  मंजुरी सहाला पाच कमी असताना आली. उद्या सकाळी आठला आत घेणार.

मी कॉटजवळच्या स्टुलावर बसलो. अप्पांनी त्यांच्यासाठी आणलेलं शहाळं माझ्यापुढे केलं आणि विचारलं, आता बरा वाटता मां तुका?