ग्रेगरचं पोर

पर्थ, सोमवार

मार्सली, आधी आपल्या छोट्या इवरचा माझ्या वाटचा पापा घे, मग पुढे वाच.

मी बरा आहे. कातडी कमावायचं काम अंगवळणी पडलंय, मालकीण पोटभर वाढते. इथे सगळे मला ड्रमंड म्हणतात.

परवा बाजारात आपल्या डोंगराकडचा एक म्हातारा गुरं घेऊन आला होता. माझी बोली ऐकून त्याने विचारलं, "कोणाचा रे तू?" लहानपणापासून पाठ केलेलं तोंडातून आपोआप निघालं, "डंकनचा, डंकन इवरचा, इवर..." पुढे ग्रेगर. ते नाव लावणाऱ्याला राजाने फाशी सांगितलीय! मी खोकल्याचं सोंग केलं. म्हातारा कानाशी लागला, "पुढचं ठाऊक आहे मला, पोरा." हसला आणि गेला. तो आपला की इनामाच्या आशेचा, काही कळेना. तेव्हापासून दार वाजलं की मी मागच्या दाराकडे सरकतो.

ग्रेगर म्हणजे जागा राहणारा, असं बाबा अभिमानाने सांगायचे. नाव टाकलं, जागरण तेवढं राहिलं बघ.

आई इवरकडून पूर्वजांची नावं घोकून घेते का गं? तिचे पाय धर, पण थांबव. कोणी विचारलं, "कोणाचा तू?" तर त्याने एवढंच सांगावं, "आईचा."

वाचलंस की चुलीत घाल.

तुझाच,
नाव तुला ठाऊक आहे