दोनशे चारवाल्या

केशवापूर, हुबळी
९ नोव्हेंबर २०२४

ती. अप्पांस,
सविनय जय भीम. वि. वि.

फोनवर तुम्हाला धड ऐकू येत नाही, म्हणून लिहिते. मी बरी आहे.

परवा समोरच्या फ्लॅटातल्या आजी लिफ्टमध्ये कोसळल्या. आत आम्ही दोघीच. वॉचमननं रिक्षा आणली आणि सोबत मलाच बसवलं. दवाखान्यात नर्सबाईंनी पेशंटचं नाव विचारलं. तीन वर्षं समोरासमोर राहतोय, पण मला ठाऊक नव्हतं. वॉचमनला फोन केला, तर तो म्हणाला, दोनशे चारवाल्या. नर्सबाई घाई करत होत्या. माझ्या तोंडून आईचंच नाव गेलं. नागुबाई.

रडू आलं नाही, भीतीही वाटली नाही. घरी येऊन भात गरम केला, जेवले.

माया असू द्या.
तुमची नूतन


बेळगाव
१३ नोव्हेंबर

चि. नूतन हिस,
जय भीम, मंगल कामना.

तुझ्या आईच्या साड्या ती असताना गल्लीभर फिरायच्या. नाव कुणी नेलं म्हणून ती रागावली नसती. पण त्या बाईंना स्वतःचं नाव असेलच की. जाऊन विचार. आणि नुसताच भात खातेस काय?

शेजारची रेखा रोज चहा आणते आणि कानाशी ओरडून अख्ख्या गल्लीला माझी तब्येत कळवते. तुझी कोण कळवतं?

जिवाला जप.
अप्पा


केशवापूर, हुबळी
२० नोव्हेंबर

ती. अप्पांस,
सविनय जय भीम.

दवाखान्यात जाऊन आले. अंबूताई त्यांचं नाव. अळणावरकडच्या, म्हणजे मराठीच. आणि आम्ही तीन वर्षं एकमेकींना लिफ्टमध्ये कन्नडमधून जेवण झालं का विचारत होतो! मी चुकीचं नाव सांगितल्याचं बोलले. त्या म्हणाल्या, नर्सनं नागुबाई म्हणून हाक मारली तेव्हा आपण ओ दिली. कुणी हाक मारली, हेच पुष्कळ झालं.

सोमवारी त्यांचा पुतण्या त्यांना म्हैसूरला घेऊन गेला. मी ऑफिसात होते. आता समोर कुलूप आहे. मला अजूनही काहीच वाटत नाही, अप्पा.

पण काल संध्याकाळी मी शेजारची बेल वाजवली. एका बाईंनी साखळी न काढता दार किलकिलं केलं. मी माझं नाव सांगितलं. त्यांनी विचारलं, पार्सल कुठंय. मी म्हटलं, पार्सल नाही, मी इथंच राहते, शेजारी. त्या बघत राहिल्या. मग दार लागलं. मी तिथंच उभी होते. आतून साखळी काढल्याचा आवाज आला.

तब्येत सांभाळा, आठवण ठेवा.
तुमची नूतन