पिशवीच्या शिवणीतला केस

२ ऑक्टोबर १७८३

आजपासून दाराला कुलूप. आम्ही सतरा बायका आत, बास्तियाँ दरवान बाहेर. मालक म्हणाले, "पिशवी उडेपर्यंत कुणी घरी जायचं नाही. नदीपलीकडचे साहेबही असलीच पिशवी करताहेत. त्यांना आपली शिवण कळली की संपलं सगळं." जेवण आत, झोपणं आत. सूप बरं असतं, खोटं कशाला बोलू.

आणि पिशवी केवढी — आमच्या गावच्या देवळाएवढी! तागाचं कापड, आतून कागद. खाली पेंढा नि लोकर जाळायची, धूर भरला की म्हणे वर जाते. सत्तरी आली, आजवर परकर आणि चादरी शिवल्या. असलं काही हाती लागेल असं वाटलं नव्हतं. ननबायांनी चादरींवर नावं घालण्यापुरती अक्षरं शिकवली, त्यावरच ही वही चालली आहे.

पण पेरीनचं काय? माझ्या नातीला नववा लागलाय. तिची आई, माझी लेक जान, पेरीनच्या वेळीच गेली. मी पेरीनला शब्द दिलाय, तुझ्या उशाशी मी असेन. सर्व संतांच्या सणाला दिवस भरतात. तिचं गाव वालनेर इथून दोन कोससुद्धा नाही, त्या समोरच्या टेकडीमागे. टेकडी दिसते मला भिंतीवरून.

५ ऑक्टोबर

दिवसभर काजं. बोटं सुजली. पिशवी लवकर उडाली तर मी लवकर सुटेन, म्हणून जेवतानाही सुई सोडली नाही.

११ ऑक्टोबर

पहिला धूर भरला. पिशवी अर्धी फुगली आणि बसली. तुकडे काज-बटणांनी जोडलेत ना, प्रत्येक काजातून धूर बाहेर! मालक डोकं धरून बसले. मी म्हटलं, "मालक, तुमच्या विजारीला बटणांच्या आत पट्टी कशाला असते?" बायका खिदळल्या. मालक आधी लाल झाले, मग म्हणाले, "लावा पट्टी."

म्हणजे आता सगळ्या काजांना पट्टी. माझंच तोंड नडलं मला. आणखी दोन आठवडे गेले.

१६ ऑक्टोबर

आम्हा शिवणाऱ्यांत नवरीच्या झग्याच्या काठात आपला एक केस शिवून टाकतात, वर्षात आपलंही लग्न जमतं म्हणून. पेरीनला मीच शिकवलं, तिचं जमलंही. आज पट्टी लावताना मी माझा एक पांढरा केस शिवणीत घातला. शेजारच्या क्लोदीनने पाहिलंच.

"काय ग आजी, या वयात बघतेस की काय कुणाला?"

"ठरलं तर तुला बोलवीन. वाढायला."

खरं कारण तिला कशाला सांगू. मला नाही बाहेर जाता येत, माझं काहीतरी तरी जाऊ दे.

२० ऑक्टोबर

बास्तियाँला दाराच्या फटीतून विनवलं. नुसता निरोप ने रे वालनेरला. म्हणाला, "आजी, माझी भाकरी काढून घेतेस काय?" तोही कुलपातलाच, फक्त दुसऱ्या बाजूला.

२७ ऑक्टोबर

उडाली! दोरी सोडली आणि भिंतीवरून, झाडांवरून सरळ वर. माझी काजं आभाळात! सगळ्या रडत होतो, मालकही. वारा टेकडीकडे वाहत होता. बघता बघता टेकडीमागे उतरली. मी गाठोडं बांधूनच ठेवलं होतं.

मालक डोळे पुसत म्हणाले, "बायांनो, अजून थोडे दिवस. परत आणून दुरुस्त करून मोठ्या लोकांना दाखवायचीय."

गाठोडं सोडलं.

१ नोव्हेंबर

सण. आज पेरीनचे दिवस भरले.

४ नोव्हेंबर

पिशवी गाडीतून आली. नुसत्या चिंध्या. बास्तियाँ गाडीबरोबर गेला होता, त्याने सांगितलं — वालनेरच्या शेतातच पडली. आत धूर होता म्हणून हलत होती, लोकांना वाटलं जनावर श्वास घेतंय. गवत उचलायच्या काट्यांनी भोसकली! पाद्रीबाबांनी तीर्थ शिंपडलं, मग घोड्याला बांधून गावभर ओढली. आठ दिवस देवळाच्या अंगणात पडून होती, बाया येऊन बघून जायच्या. एरवी मी पोट धरून हसले असते.

"आणि पेरीन? पेरीनचं काही कळलं?"

"आजी, मी मालकाबरोबर होतो. बाळंतिणीची चौकशी कुठे करणार?"

दुरुस्तीला महिना लागेल म्हणतात.

५ नोव्हेंबर

माझा तुकडा माझ्याच वाट्याला आला. काट्यांची भोकं सगळीकडे. एक मात्र भोक नाही — चौकोन, कात्रीने सरळ कापलेला, तान्ह्याला गुंडाळण्याएवढा. आणि उरलेला काठ उसवू नये म्हणून दुमडून शिवलाय. तीन टाके, एक गाठ, तीन टाके, एक गाठ. असं मी एकीलाच शिकवलंय.

जवळच्या शिवणीत माझा पांढरा केस तसाच होता. त्याला लागून त्याच टाक्यात दुसरा एक. काळा, मऊ, पेराएवढाही नाही.

चौकोनाला ठिगळ लावलं. तिचा काठ उसवला नाही.