न वाजलेल्या बंदुकीचा मुकदमा

पुसेगाव,
दिवाळी सरल्यावर

तीर्थरूप नामाजी मेव्हणे यांना तातेरावाचा रामराम पोचावा. तुमचा गुडघा कसा आहे? हट्टा गावच्या बाजारात तुम्ही काठीवाचून हिंडताना दिसलात असं कळलं, तेव्हा बरा असावा. इकडं आम्ही खुशाल. तुमची बहीण मनकर्णा हल्ली माझ्याशी मोजकंच बोलते, म्हणजे तीही खुशालच. (फोन केला असता, पण आमच्या घरात फोनवर बोललेलं सगळ्यांना ऐकू येतं.)

आनंदाची बातमी अशी, की बंदुकीचा परवाना परत मिळाला. बंदूक वडिलांची, रानडुकरांपासून पीक राखायची. त्यांच्या मागं माझ्या नावावर झाली. नूतनीकरणाला गेलो तर साहेबांनी अर्ज नामंजूर केला. कारण काय, तर अर्जदाराने शस्त्र कधीही वापरलेले नाही, सबब त्याला गरज नाही. आता मेव्हणे, वापरलं असतं तर हेच म्हणाले असते, माणूस धोक्याचा आहे. वर अपील केलं, तिथंही तेच. बंदूक ठाण्यात जमा झाली आणि गावात माझी पत उतरली. मला बघून पारावर जागा देणारे लोक बसल्या जागी बसून राहू लागले. मग मात्र मी इरेला पेटलो आणि थेट संभाजीनगरच्या हायकोर्टात गेलो.

मनकर्णा म्हणाली, मीबी येते. (वकिलाची ना होती. पण तुमच्या घरच्या माणसाला ना म्हणणं मला तरी कुठं जमलंय?) आमचे वकील उभे राहून म्हणाले, हा माणूस इतका सज्जन, की यानं आजवर एक गोळी झाडली नाही. सरकारी वकील म्हणाले, आमचंही तेच म्हणणं आहे. सगळे हसले. जजसाहेबांनी चष्मा काढून मलाच विचारलं, "मग डुकरं आली की तुम्ही करता काय?"

मी तोंड उघडायच्या आत मागच्या बाकावरून तुमची बहीण उठली. "साहेब, हे बंदूक घेऊन मचाणावर बसून राहतेत. डुकरं मी हाकलते, पत्र्याचा डबा वाजवून. पर बंदूक नसली की हे वावरात येतच न्हाईत, आन् एकटीला मला भ्या वाटतंय. काहून काढून घेतली ती?"

आमच्या वकिलानं कपाळाला हात लावला. जजसाहेबांनी चष्मा पुन्हा चढवला. मग म्हणाले, वापर केला नाही म्हणून परवाना नाकारता येत नाही, अर्ज पुन्हा बघा. झालं. परवाना आला, बंदूक आली, गावात हलगी वाजली आणि मी फेटा बांधून पारावर मधोमध बसलो.

वहिनींना नमस्कार, लेकरांना आशीर्वाद.

आपला,
तातेराव

ता. क. — आता गाव म्हणतं, कोर्टातून जिंकून आणलेल्या बंदुकीचा एकदा बार तर ऐकू द्या. बार काढायची रीत मला ठाऊक नाही. वडील शिकवायला निघाले, की मी कडब्याच्या गंजीआड जायचो. तुम्ही पलटणीत होता. पाहुणचाराच्या निमित्तानं लवकर या आणि मनकर्णाला यातलं काही कळू देऊ नका.

आनखी एक ता. क. — दादा, पाकीट चिकटवायला ह्यायनं माझ्याच हाती देलं. तू ये, पर शिकवायचं तर मला शिकीव. आन् कोर्टात मी भ्या वाटतंय म्हणले ते माझं न्हवतं, ह्यायचं व्हतं. एवढ्या लोकांत त्यायच्या नावानं कसं सांगावं? — मनकर्णा