नंबर एकतीसच्या एकोणीस चिठ्ठ्या

मी, मोहिनी यशवंत पिंगळे, वय चौसष्ट, राहणार म्हसरूळ, नाशिक, हे मृत्युपत्र कोणाच्या सांगण्यावरून नव्हे, तर स्वतःच्या मनाने व स्वतःच्या हाताने लिहीत आहे. डोके ठिकाणावर आहे. गुडघे नाहीत, पण कायद्याला गुडघ्यांशी देणेघेणे नाही, असे वकिलांनी सांगितले.

१. म्हसरूळच्या दोन खोल्या माझी कन्या रूपाली हिला. चिरंजीव राजू याने वाईट वाटून घेऊ नये. त्याच्या नोकरीची किंमत दुसऱ्याच कोणीतरी मोजली आहे. ते कलम पाचमध्ये येईल.

२. पतसंस्थेतली ठेव दोघांत निम्मी-निम्मी. त्यावरून भांडण करू नये.

३. पुरणयंत्र धाकट्या जाऊबाई लंकाबाई यांना. त्याची बारीक जाळी अकरा वर्षांपूर्वी त्यांनी नेली, आणि विचारले की “माझ्याकडं नाय बाई” म्हणतात. आता यंत्रच त्यांचे झाले म्हणजे जाळी सापडेल.

४. दिंडोरीकडच्या एका द्राक्ष पॅकहाऊसमध्ये मी बावीस वर्षे माल तपासण्याच्या टेबलावर होते. तिथली माझी घड साफ करायची कात्री सविता गांगुर्डे हिला द्यावी. सविता पेठकडची, पेट्या भरायला होती, नंबर एकतीस. तिच्याइतका स्वच्छ हात मी दुसरा पाहिला नाही.

५. हे कलम देण्याघेण्याचे नाही, पण लिहिल्याशिवाय पुढचे कळणार नाही. बायकांच्या संडासाला आतून कडी नव्हती. चार हंगामांपूर्वी सविताने ती सगळ्यांसमोर मागितली. सुपरवायझर भिकन हसले. दुसऱ्या दिवसापासून तिची जागा कोल्ड स्टोरेजच्या दाराशी. नावाने हाक बंद, “ए डोंगरी” सुरू. जेवायला तिच्या शेजारी कोणी बसेना, कारण जी बसे तिचीही जागा बदले. मीही बसले नाही.

मग तिच्या नावावर खराब पेट्या येऊ लागल्या. आमच्याकडे प्रत्येक पेटीत भरणारीच्या नंबरची चिठ्ठी असते. पेटी नापास झाली की ती माझ्या टेबलावर येते आणि चिठ्ठीवरून बाई कळते. पण मला चिठ्ठीची गरज नसे. सविता प्रत्येक घडाचा देठ आत वळवून ठेवायची, तसे दुसरी कोणी करत नसे. त्या पेट्यांत देठ वर आलेले होते. चिठ्ठी मात्र एकतीसची. भिकन चिठ्ठ्या बदलताना मी दोनदा डोळ्यांनी पाहिले.

मी प्रत्येक चिठ्ठी जपून ठेवली. मागे तारीख घातली आणि लिहिले, “हात सविताचा नाही.” अशा एकोणीस झाल्या. लिहून ठेवले म्हणजे आपण काही केले, असा माझा समज होता. तीच माझी चूक.

चौकशी बसली. आदल्या दिवशी भिकन टेबलापाशी आले. म्हणाले, “ताई, तुम्ही फक्त काय दिसलं नाय एवढंच म्हना. राजूला मी गाडीवर लावलाय, ध्यानात हाय ना?” मी कमिटीपुढे म्हटले, “मला काही माहीत नाही.” सविता समोर उभी होती. तिने माझ्याकडे पाहिलेही नाही. तिला काढले, आणि ‘मालात खोट करते’ हा शिक्का तिच्याआधी दुसऱ्या पॅकहाऊसला पोचला. तिला कुठेच काम मिळाले नाही. मला याची लाज वाटते.

६. भिकन यांना एक पितळी कडी, चार स्क्रूंसह. कपाटात ठेवली आहे. त्यांनी ती योग्य त्या दाराला स्वतः बसवावी. माझ्या दहाव्याला आले नाहीत तरी चालेल.

७. चिठ्ठ्यांचा डबा आणि माझा सही केलेला जबाब माझ्या मृत्यूनंतर सविताला द्यावा.

दुरुस्ती. वरचा मसुदा मी सविताला बोलावून वाचून दाखवला. वाटले, तिला बरे वाटेल. तिने शांतपणे ऐकून घेतले. मग म्हणाली, “मावशी, मंजी तुम्ही मरायची वाट पाहू का मी? कोल्ड स्टोरेजच्या त्या दारापाशी आता निकिता उभी ऱ्हाते. एकवीस वर्साची हाय.”

सोमवारी आम्ही दोघी सरकारी कामगार कार्यालयात गेलो. चिठ्ठ्या दिल्या, जबाब दिला, पोच घेतली. पुढे काय होईल ते मला माहीत नाही. राजू दोन दिवस माझ्याशी बोललेला नाही. कलम सात रद्द.

कलम सहाही रद्द. कडी निकिताकडे दिली आहे.

आज सह्यांच्या वेळी शेजारचे दत्तू कावळे आले, पण दुसरा साक्षीदार ऐनवेळी आला नाही. सविता म्हणाली, “मी करते सही.” मी सांगितले, ज्याला काही मिळायचे त्याने साक्षीला राहू नये असे वकील म्हणतात, तुझी कात्री जाईल.

“जाऊ द्या कात्री. साक्षीला कोणीतरी लागतंच ना, मावशी.”

कलम चार रद्द.

हे सर्व मी वाचले, समजले व दोघांच्या समक्ष सही केली.

ठिकाण: नाशिक. दिनांक: १४ मार्च २०२५.

(सही) मोहिनी यशवंत पिंगळे

साक्षीदार:
१. (सही) दत्तू कावळे, म्हसरूळ
२. (सही) सविता गांगुर्डे, नंबर ३१